शत्रू ते प्रियकर: वैर नेमकं कुठल्या पानावर विरतं?

विश्वामित्रीकाठ

नमस्कार मंडळी, बडोद्याहून लिहितेय. दांडिया बाजारात आम्ही सातआठ जणी महिन्यातून एकदा कुणाच्या तरी घरी जमतो आणि वाचलेल्या पुस्तकांवर बोलतो. वर्षभरापूर्वी माझ्या भाचीने तिथे अद्भुतिका आणल्या. जादू, राज्यं, शाप, पशुपक्ष्यांशी बोलणारी माणसं. तेव्हापासून आमचं बाकीचं वाचन मागे पडलंय. त्यातही वेड लागलंय ते एकाच प्रकारच्या गोष्टींचं. दोघं सुरुवातीला एकमेकांच्या जिवावर उठलेले असतात आणि चारशे पानांनी एकमेकांसाठी जीव द्यायला निघतात. भाचीची पिढी याला 'एनिमीज टू लव्हर्स' म्हणते, आणि ते सावकाश घडत असेल तर 'स्लो बर्न'. 'आर्काइव्ह ऑफ अवर ओन' या चाहत्यांच्या कथांच्या संकेतस्थळावर कथांना ही नावं चिकटवलेलीच असतात, वाचक ती शोधूनच कथा उघडतात. म्हणजे दोघं एकत्र येणार हे आधीपासून माहीत. तरी आम्ही रात्री दोनपर्यंत जागतो.

आता धागा काढायचं खरं कारण. मी स्वतः अशी एक कादंबरी लिहायला घेतली आहे, मराठीत. आमच्या गावातून विश्वामित्री वाहते आणि तिच्यात मगरी आहेत, भर शहरात. २०२४ च्या ऑगस्टमध्ये पूर आला तेव्हा त्या रस्त्यांवर आणि सोसायट्यांच्या आवारात फिरत होत्या. हे पाहत वाढलेल्या माणसाला अद्भुतिका सुचायला वेगळं काही लागत नाही. माझ्या गोष्टीत नदीकाठी मगरराख्यांचं कूळ आहे, त्यांना मगरींची भाषा कळते. पलीकडे बांध घालणाऱ्यांचं राज्य. नायिका मगरराखीण, नायक बांधकरी. त्याचा धाकटा भाऊ मगरीने ओढून नेला. तिची आई, नदी वळवली त्या रात्री आलेल्या लोंढ्यात वाहून गेली. दोघांना एकमेकांच्या कुळाचा सूड घ्यायचाय आणि दोघांचीही बाजू खरी आहे.

तेरा प्रकरणं बरी झाली. चौदाव्यात दोघं पावसात एका पडक्या देवळात अडकतात. तिला ताप भरतो. तो रात्रभर तिच्या कपाळावर गार पाण्याच्या पट्ट्या ठेवतो. पहाटे ती डोळे उघडते, त्याच्याकडे बघते, आणि झालं, प्रेम. गटात वाचून दाखवलं. बराच वेळ कुणी बोललं नाही. मग आमच्यातल्या सगळ्यात वयस्कर मावशी म्हणाल्या, "अगं, पण त्याच्या भावाचं काय?" मी म्हटलं, मावशी, भाऊ दुसऱ्याच प्रकरणात गेला. त्या म्हणाल्या, "तेच विचारते. तो गेला, हे हा विसरला कसा?"

पंधरा दिवस झाले, त्या प्रश्नाने लिहिणं थांबलंय. म्हणून विचारते. अशा गोष्टीत वैर कुठल्या क्षणी विरतं? विरतं, की तसंच राहतं आणि त्याच्या शेजारी दुसरं काही उगवतं? पटलेली उदाहरणं द्या, न पटलेलीही द्या. शेवट फोडणार असाल तर आधी सांगा.

---

मांडवीकर

ताई, उत्तम विषय. परदेशी पुस्तकं मी थोडीच वाचली आहेत, पण हा प्रकार आपल्याकडे नवा नाही. आदिपर्वातली कच-देवयानीची गोष्ट घ्या. देव-दानवांचं युद्ध चाललंय, आणि बृहस्पतीचा मुलगा थेट शत्रूच्या गुरूकडे, शुक्राचार्यांकडे, संजीवनी विद्या शिकायला येतो. आपण कोण हे लपवत नाही. गायी राखतो, फुलं आणतो, गाऊन-नाचून देवयानीला रिझवतो. दानव त्याला ओळखतात आणि मारतात. पहिल्यांदा तुकडे करून लांडग्यांना घालतात. पुढे जाळून राख मद्यात कालवतात आणि ते मद्य शुक्राचार्यांनाच पाजतात. दर वेळी देवयानी बापाकडे हट्ट धरते, कच परत आणा. याहून मोठी अद्भुतिका कुठे असेल?

पण शेवटी काय होतं? विद्या मिळते, मुदत संपते, देवयानी लग्नाचं विचारते, आणि कच म्हणतो, मी तुझ्या पित्याच्या उदरात राहून आलोय, तू मला बहिणीसारखी. ती शाप देते, तोही उलट शाप देतो. मी ही गोष्ट बऱ्याच वेळा वाचली, आणि दर वेळी मला वाटतं की इथे आच एकाच बाजूने लागली होती. देवयानीने दर खेपेला काही ना काही पणाला लावलं. कच तिच्याशी गोड वागला, पण आपल्या पक्षाचं एक तसूभरही सोडलं नाही. तुमच्या बांधकऱ्याला हे विचारा: तेरा प्रकरणांत त्याने काय सोडलं?

उलट टोकाला हिडिंबा. भावाने पांडवांना मारून आण म्हणून धाडलं, तिने भीमाला पाहिलं आणि तिथेच विरघळली. वैर एका नजरेत गेलं. गोष्ट म्हणून रंगते, पण तुम्ही म्हणता तो 'स्लो बर्न' त्यात शून्य.

(ही पर्वं मी पहिल्यांदा आमच्या मांडवीच्या मध्यवर्ती ग्रंथालयातून आणून वाचली. सयाजीराव महाराजांनी १९१० साली बोर्डन नावाच्या अमेरिकन ग्रंथपालाला बोलावून उभं केलेलं ग्रंथालय. पुस्तकांच्या मजल्यांची जमीन जाड काचेची आहे. एकदा आत जाऊन बघायला मिळालं, तेव्हा वर चालणाऱ्या माणसाच्या पावलांची सावली डोक्यावर दिसत होती. अद्भुतिका लिहिणाऱ्याने एकदा तरी बघावं.)

---

लाल_फिरकी

ताई, मी कादंबऱ्या वाचत नाही, बायको वाचते, तिने हा धागा दाखवला. पण उत्तरायणात, म्हणजे संक्रांतीच्या पतंगांत, पेच लढवणाऱ्याला यातलं थोडं कळतं म्हणून लिहितो.

पेच दोन तऱ्हांनी लढतात, खेंच आणि ढील. खेंच म्हणजे दोर भिडला की जोरात ओढायचं. दोन सेकंदांत कुणाचा तरी पतंग जातो, 'काइपो छे' (कापला!) ओरडून मोकळे. ढील म्हणजे दोर भिडल्यावर सोडत राहायचं. समोरचाही सोडतो. दोन्ही पतंग लांब लांब जातात, पार सुरसागर तळ्याच्या पलीकडे ठिपके होतात. फिरकी धरणाऱ्याचा हात दुखायला लागतो. त्या सगळ्या वेळात मांजा मांज्यावर घासत असतो आणि तो घास बोटाला कळतो. कोण उडवतोय त्याचं तोंड दिसत नाही. पण दहा मिनिटांत तो कसा माणूस आहे हे कळतं. घाबरट आहे का, घाई करतो का, वारा ओळखतो का. एका वर्षी आमच्या अगाशीतून (गच्चीवरून) असा पेच लागला तो अर्धा तास चालला, शेवटी दोर असे गुंतले की दोन्ही पतंग मिळूनच खाली आले. मी त्या माणसाचं घर शोधत गेलो होतो, फक्त बघायला.

तुमच्या चौदाव्या प्रकरणात तुम्ही खेंच केली असं वाटतं. ताप आला आणि पेच संपला.

---

वाचनवेडी

वरच्या दोन्ही प्रतिसादांना +१. ढील हा शब्द मी आता 'स्लो बर्न'साठी वापरणार. वाचते आहे.

---

विश्वामित्रीकाठ

लाल_फिरकी, बोटाला कळणारा घास ही गोष्ट मी वहीत लिहून ठेवली आहे. मांडवीकर काका, तुमच्या प्रश्नाचं उत्तर शोधायला बसले. तेरा प्रकरणांत माझ्या बांधकऱ्याने काहीही सोडलेलं नाही. तिनेही नाही. दोघं फक्त एकमेकांना टोमणे मारत आलेत आणि मला ते टोमणे फार आवडले म्हणून मी लिहीत गेले.

---

रावपुऱ्याचे_आजोबा

बाई, तुमचा विषय वाचून मला थेट 'मानापमान' आठवलं. खाडिलकरांचं नाटक, १९११ चं, गोविंदराव टेंब्यांचं संगीत. जादूबिदू त्यात नाही, पण अढी आणि प्रीतीचा प्रवास आहे. भामिनी श्रीमंताची लेक. सेनापती धैर्यधर गरीब, म्हणून ती त्याचा अपमान करते. तोही मानी, तोही दुखावतो. मग ती वनमाला हे नाव घेऊन, साध्या मुलीच्या वेषात त्याच्या आसपास राहते आणि तो माणूस काय आहे हे स्वतःच्या डोळ्यांनी बघते. आमच्या वडिलांच्या तोंडून बालगंधर्वांच्या भामिनीचं वर्णन इतकं ऐकलंय की मीच पाहिल्यासारखं वाटतं. त्यांच्या मंडळीला आमच्या बडोदे दरबाराचा आश्रय होता, त्यामुळे आमच्या घरी हा विषय कौतुकाने निघायचा.

मला यात महत्त्वाचं वाटतं ते असं. भामिनीचं मन बदलतं ते धैर्यधर तिच्याशी गोड बोलला म्हणून नाही. ती समोर आहे हे त्याला माहीतच नसताना तो कसा वागतो, हे तिने पाहिलं. आपल्याला जिंकायला केलेली गोष्ट आणि आपल्या नकळत केलेली गोष्ट, यात फरक असतो. तुमच्या नायकाने तापात पट्ट्या ठेवल्या ते तिच्यासमोर. तिच्या पाठीमागे त्याने मगरींचं काय केलं, ते लिहा.

---

पुस्तककीड

आजोबा, फार छान सांगितलंत.

मी नव्या पुस्तकांबद्दल लिहितो. पुढे थोडा कथाभाग फुटेल.

ली बार्डुगोच्या 'सिक्स ऑफ क्रोज'मधली (२०१५) नीना आणि मॅथियास ही जोडी मला सगळ्यात पटते. नीना ग्रीशा आहे, माणसाच्या हृदयावर जादू चालवू शकणारी. मॅथियास अशा सैनिकांतला, ज्यांचं काम ग्रीशांना पकडून खटल्यासाठी आपल्या देशात नेणं. तो तिला पकडून जहाजातून नेत असतो, जहाज फुटतं, आणि जिवंत राहण्यासाठी दोघांना बर्फातून एकत्र चालावं लागतं. तिथे मनं थोडी वितळतात. आणि नेमकं तेव्हाच ती त्याच्यावर खोटा आरोप करते, हा गुलामांचा व्यापारी आहे म्हणून. तो तुरुंगात जातो. तिने हे केलं तिच्या माणसांपासून त्याचा जीव वाचवायला, पण त्याला ते माहीत नाही. कादंबरीत तो येतो तो तुरुंगातून, तिचा गळा आवळायला निघालेला.

विश्वामित्रीकाठ ताई, इथे बघा, बर्फातली जवळीक म्हणजे तुमचं पावसातलं देऊळच. लेखिकेने ते भूतकाळात टाकलं आणि त्याच्यावर एक विश्वासघात रचला. मग मुख्य गोष्टीत दोघांना ते सगळं पुन्हा, जास्त अवघड वाटेने मिळवावं लागतं. आणि मॅथियासचं शिक्षण लगेच जात नाही. ग्रीशा म्हणजे पाप हे लहानपणापासून मनावर ठसलेलं, ते प्रेमात पडल्यावरही त्याच्या तोंडून निघत राहतं. तो स्वतःला थांबवतो, पुन्हा चुकतो. मला ते फार खरं वाटलं. एवढ्या जुन्या समजुती एका रात्रीत कुणाच्याही जात नाहीत.

दुसरं, हॉली ब्लॅकचं 'द क्रूएल प्रिन्स' (२०१८). ज्यूड माणसाची मुलगी, पण परीलोकात वाढलेली, तेही आपल्या आईबापांना मारणाऱ्याच्याच घरात. कार्डन तिथला धाकटा राजपुत्र, तिचा अतोनात छळ करणारा. मला आवडतं ते ज्यूडमुळे. ती रडत बसत नाही, सत्ता मिळवते, आणि पहिल्याच भागाच्या शेवटी डाव तिच्या हातात असतो.

---

स्पष्टच_बोलते

पुस्तककीड, याच पुस्तकावर माझा आक्षेप आहे आणि तो मनापासून आहे.

मी चौथीत असताना वर्गातला एक मुलगा रोज माझी वेणी ओढायचा. एकदा इतक्या जोरात की मान दोन दिवस वळेना. घरी सांगितलं तर मोठी माणसं हसून म्हणाली, "अगं, त्याला तू आवडतेस." ते वाक्य मला अजून लागतं. छळणाऱ्याला छळताना आतून प्रेम होतं, असं जेव्हा गोष्ट सांगते, तेव्हा ती तेच वाक्य पुन्हा म्हणत असते.

वैर आणि छळ या वेगळ्या गोष्टी आहेत. वैर बरोबरीच्यांत असतं. दोघांकडे तलवार, दोघांकडे कारण. छळात एकाकडे सगळं आणि दुसऱ्याकडे काही नाही. कैदी आणि पहारेकरी, राजा आणि दासी, अशा जोड्यांना आजकाल सर्रास 'शत्रू ते प्रियकर' म्हणतात. ज्याला दार उघडून जाता येत नाही, त्याच्या होकाराला मी होकार मानत नाही. लेखकाने आधी ते दार उघडावं, मग प्रेम लिहावं.

ताई, तुमच्या गोष्टीत दोघं बरोबरीचे आहेत, म्हणून मला ती आवडली. फक्त त्या तापाच्या रात्री ती आडवी आणि तो बसलेला आहे. तुमच्या मावशींना खुपलं त्याचं हेही एक कारण असेल.

---

पुस्तककीड

पटलं. ज्यूडच्या बाजूने वाचताना मी कार्डनला फार लवकर माफ केलं. पुन्हा वाचून बघतो.

---

बर्फाची_वाट

अर्सुला ले ग्विनच्या 'द लेफ्ट हँड ऑफ डार्कनेस'चं नाव अजून आलं नाही म्हणून लिहिते. १९६९ ची कादंबरी. विज्ञानकथा आहे, पण ढीलीचा पेच याहून चांगला मी वाचलेला नाही. शेवट सांगत नाही.

गेन्ली हा दूत म्हणून एका गोठलेल्या ग्रहावर आलाय. तिथली माणसं कायमची स्त्री किंवा पुरुष नसतात. एस्त्रावेन तिथला प्रधान. गेन्लीला तो कपटी वाटतो, पहिल्या पानापासून. आपण गेन्लीच्या डोळ्यांनी वाचतो म्हणून आपल्यालाही तसंच वाटतं. पुढे गेन्ली बंदिवासात मरायला टेकतो आणि त्याला सोडवायला जो येतो तो एस्त्रावेन. मग दोघं बर्फावरची घसरगाडी ओढत हिमनदीवरून अनेक आठवडे चालतात. एक तंबू, मोजून खायचं अन्न, बाहेर वारा.

तंबूत गेन्ली त्याला मनाने बोलायला शिकवतो. आणि गेन्लीचे शब्द एस्त्रावेनच्या मनात उमटतात ते त्याच्या मेलेल्या भावाच्या आवाजात. तिथे मी पुस्तक मिटून ठेवलं होतं, पुढे वाचवेना. दोघांत 'तसं' काही घडत नाही. पण संशय कुठे संपला असं मला कुणी विचारलं तर पान दाखवता येणार नाही. गेन्लीचं चूक होतं, आणि त्याला ते हळूहळू, लाज वाटत वाटत कळत गेलं, एवढंच सांगता येईल.

विश्वामित्रीकाठ, तुमच्याकडेही मेलेला भाऊ आहे. आणि तुमच्या नायिकेला मगरींची भाषा येते. म्हणजे त्या भावाचं शेवटी काय झालं हे अख्ख्या गोष्टीत फक्त तिला कळू शकतं. हे तुमच्या लक्षात आलंय ना?

---

विश्वामित्रीकाठ

नव्हतं आलं. अजिबात नव्हतं. वाचून उठून घरभर फेऱ्या मारल्या.

---

ओटल्यावरची

मी पुस्तकातलं नाही, घडलेलं सांगते. प्रेमाचं नाही, पण वैराचं आहे.

आमच्या वाड्यात आमचं आणि वरच्या घराचं नळाच्या पाण्यावरून वाजलं होतं. अकरा वर्षं बोलणं बंद. जिन्यात समोर आलो तर एकजण मागे फिरायचं. त्यांच्या मुलाच्या मुंजीला आम्ही नाही, आमच्या सासऱ्यांच्या तेराव्याला ते नाहीत. २०२४ च्या पुरात पाणी आमच्या घरात शिरलं. वीज गेली. आम्ही सगळे जिन्याच्या वरच्या पायऱ्यांवर बसलो होतो, मांडीवर देव आणि कागदपत्रांची पिशवी. रात्री वरचं दार उघडलं, स्टीलचा डबा पायरीवर ठेवला गेला, दार बंद झालं. एक शब्द नाही. डब्यात गरम खिचडी आणि वर पापड, मऊ पडू नये म्हणून वेगळ्या कागदात गुंडाळलेला. त्या कागदाने मला रडू आलं. भूक तर कुणालाही कळते, पण आमच्याकडे पापड कुरकुरीत लागतो हे तिला अकरा वर्षांनंतर आठवत होतं.

पाणी ओसरलं. डबा माझ्याकडे. आता आपल्याकडे डबा रिकामा परत करत नाहीत. मी चार दिवस तो घासून ठेवलेला, काय घालावं सुचेना. शेवटी बेसनाचे लाडू घातले आणि पायरीवर ठेवून आले. आठवड्याने डबा पुन्हा माझ्या दाराशी, सुरळीच्या वड्या. असं दिवाळीपर्यंत चाललं. बोललो आम्ही दिवाळीला, आणि बोललो तेही डब्याच्या झाकणाबद्दल, ते घट्ट बसत नाही म्हणून. नळाचा विषय अजून सुटलेला नाही. तिचं म्हणणं मला आजही चूकच वाटतं.

---

मांडवीकर

ओटल्यावरची, सुरळीच्या वड्यांपाशी थांबून हे घरात सगळ्यांना वाचून दाखवलं.

---

स्पष्टच_बोलते

आणि डबा पायरीवर ठेवला, हातात दिला नाही. घ्यायचा की नाही हे घेणाऱ्यावर सोडलं. मी दार म्हणत होते ते हेच.

---

विश्वामित्रीकाठ

तीन आठवड्यांनी येतेय. चौदावं प्रकरण फाडलं. ताप, देऊळ, पाऊस, सगळं गेलं. नव्या प्रकरणात दोघं एकमेकांना भेटतच नाहीत.

उन्हाळा आहे. मगरी काठाच्या मातीत खड्डे करून अंडी घालतात, दोनेक महिन्यांनी, पावसाआधी, पिल्लं निघतात. हे खरंच असं असतं. मगरराखीण एका म्हाताऱ्या मगरीशी बोलताना तिला कळतं की बांधकऱ्याच्या धाकट्या भावाचं चांदीचं कडं अजून डोहाच्या तळाशी आहे. ती बुडी मारून ते काढते. शत्रूच्या घरातलं म्हणून फेकून द्यावं असं तिला वाटतं, आईचं स्मरण होतं, ती दोन दिवस ते कमरेला बांधून हिंडते. तिसऱ्या रात्री बांधावर, त्याच्या पहाऱ्याच्या जागेवर ठेवून निघून जाते.

त्याला ते सकाळी सापडतं. एवढ्या खोल डोहात कोण उतरू शकतं हे त्याला ठाऊक आहे. त्याच दिवशी त्याला पाणी सोडायचा हुकूम आहे. सोडलं तर काठचे सगळे खड्डे बुडतील. आजवर त्याने दर वर्षी सोडलंय, भावासाठी. या वर्षी तो बांधाच्या मोरीचं दार उघडत नाही. वर कळवतो की साखळी गंजलीये. पिल्लं निघेपर्यंत, रोज सकाळी, साखळी गंजलीये. तो मगरींवर प्रेम करायला लागलेला नाही. रात्री तो अजून त्यांना शिव्या देतो. ती पलीकडच्या काठावर पाणी चढायची वाट बघत बसलेली आहे, आणि पाणी चढत नाही. प्रकरण तिथे संपतं. प्रेम हा शब्द अजून निदान दहा प्रकरणं लांब आहे.

काल गटात वाचलं. मावशी डोळे मिटून ऐकत होत्या. संपल्यावर म्हणाल्या, "आता बरं झालं. त्या पोराचं नाव काय गं?"

चौदा प्रकरणं लिहिली आणि त्या भावाला मी नावच दिलं नव्हतं. सगळीकडे नुसता 'धाकटा'. सकाळपासून नाव शोधतेय. दोन अक्षरी हवं, काठावरून हाक मारली तर पाण्यावर लांब जाईल असं. सुचलं तर सांगा.